पुण्याच्या चित्रपट-इतिहासात डब्ल्यू. झेड. अहमद यांची नोंद हवी

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

पुण्याच्या चित्रपटपरंपरेविषयी आपल्या दैनिकात वेळोवेळी लेख प्रसिद्ध होतात आणि ते मी आवर्जून वाचतो. 'प्रभात' १९३३ साली कोल्हापुराहून पुण्यात आली, तिच्याच आवारात १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली आणि १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना झाली, हा क्रम आता बहुतेक वाचकांना तोंडपाठ असेल. 'नवयुग' या चित्रसंस्थेचीही आठवण अधूनमधून निघते. मात्र १९४२ ते १९४७ या काळात याच शहरात चाललेल्या 'शालिमार पिक्चर्स' या संस्थेचा आणि तिचे संस्थापक-दिग्दर्शक डब्ल्यू. झेड. अहमद यांचा उल्लेख अशा लेखांत फार तर एखाद्या ओळीत येतो, आणि पुष्कळदा तेवढाही येत नाही. ही उणीव मला अनेक वर्षे खटकते आहे. अहमद यांच्या कारकिर्दीचा निम्म्याहून अधिक भाग पुण्यात घडला आणि उरलेला लाहोरला. लाहोरकर त्यांना आपला मानतात, ते योग्यच आहे. पण पुणेकरांनी त्यांना परके का मानावे, हे मला कळत नाही. म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

वहिदुद्दीन झियाउद्दीन अहमद मूळचे गुजरातेतील गोध्र्याचे. 'शालिमार' उभारली तेव्हा त्यांनी वयाची तिशीही गाठली नव्हती. १९४२ साली 'एक रात' हा त्यांचा पहिला चित्रपट आला. त्यात पृथ्वीराज कपूर आणि नीना ही जोडी होती. पाठोपाठ १९४३ साली 'प्रेम संगीत' आणि १९४४ साली 'मन की जीत' आला. याच १९४२ साली शांतारामबापू 'प्रभात' सोडून मुंबईला गेले, हे ध्यानात घेतले म्हणजे अहमद यांच्या आगमनाचे महत्त्व कळते. 'प्रभात'चा पडता काळ सुरू होत असताना पुण्यात एक नवी, महत्त्वाकांक्षी संस्था उभी राहत होती आणि तिचा सगळा बाज वेगळा होता. 'प्रभात'चे दामले, फत्तेलाल, धायबर, शांताराम हे कलाकार-कारागिरांच्या हाताखाली तयार झालेले लोक होते. पडदा रंगवण्यापासून कॅमेरा जुळवण्यापर्यंत सारे त्यांनी हाताने केले होते. अहमद यांनी संस्थेची उभारणी शब्दांपासून केली. आधी लेखक आणि कवी गोळा करायचे, मग त्यांच्याभोवती चित्रपट उभा करायचा, अशी त्यांची रीत होती.

त्यांनी गोळा केलेल्या माणसांची नावे पाहिली की आजही थक्क व्हायला होते. शायर-ए-इन्किलाब म्हणून ओळखले जाणारे जोश मलिहाबादी 'शालिमार'साठी गीते लिहीत होते. उर्दू कथाकार कृश्नचंदर आकाशवाणीची नोकरी सोडून पुण्याला आले ते अहमद यांच्या बोलावण्यावरून, आणि चित्रपटलेखनाचे पहिले धडे त्यांनी येथेच गिरवले. शायर सागर निझामी येथे होते. अख्तर-उल-ईमान १९४५ साली येथे दाखल झाले. पुढे १९६२ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळवणारे आणि 'कानून', 'वक्त' यांसारख्या चित्रपटांचे संवाद लिहिणारे अख्तर-उल-ईमान ते हेच. भरत व्यासही 'शालिमार'च्याच परिवारातले. त्यांची पुढची गीते शांतारामबापूंच्या 'दो आँखें बारह हाथ'मुळे महाराष्ट्रातल्या शाळाशाळांत प्रार्थना म्हणून पोहोचली. उर्दू साहित्याच्या अभ्यासकाला चाळीसच्या दशकातील पुरोगामी लेखनाचा मागोवा घ्यायचा झाला, तर लखनौ, दिल्ली, लाहोर आणि मुंबई यांच्या जोडीने पुण्याचेही नाव घ्यावे लागते आणि त्याचे श्रेय बऱ्याच अंशी या एका माणसाला आहे. दिग्दर्शक म्हणून अहमद यांच्या गुणदोषांविषयी मतभेद होऊ शकतील. लेखकांची पारख असलेला संस्थाचालक म्हणून त्यांच्या तोडीची माणसे आपल्या चित्रपटसृष्टीत हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच निघतील.

'मन की जीत'विषयी थोडे अधिक लिहिले पाहिजे. हा चित्रपट टॉमस हार्डी यांच्या 'टेस' या कादंबरीवर बेतलेला होता. गरीब घरातील मुलगी, तिच्यावर अन्याय करणारा धनिक पुरुष आणि तिच्यावर प्रेम करूनही तिचा भूतकाळ कळताच तिला टाकणारा नवरा, हा त्या कादंबरीचा गाभा. समाजाने कलंकित ठरवलेल्या या मुलीला हार्डी यांनी उपशीर्षकातच निष्कलंक म्हटले होते आणि त्यावरून इंग्लंडातही गदारोळ माजला होता. असा विषय १९४४ सालच्या हिंदुस्थानी प्रेक्षकांपुढे ठेवायला धाडस लागत होते. मराठी वाचकाला येथे साहजिकच 'कुंकू' आणि 'माणूस' आठवतील. जरठ नवऱ्याला नकार देणारी नीरा आणि वेश्यावस्तीतली मैना पुण्यातल्याच स्टुडिओत घडल्या होत्या. स्त्रीला न्याय मागू देणाऱ्या चित्रपटांची जी धारा १९३७ पासून या शहरात वाहत होती, तीच अहमद यांनी दुसऱ्या भाषेत आणि दुसऱ्या साहित्याच्या आधाराने पुढे नेली, असे मला वाटते. 'प्रभात' आणि 'शालिमार' यांचा इतिहास दोन वेगळ्या कप्प्यांत ठेवणे म्हणूनच मला चुकीचे वाटते.

या चित्रपटात नायकाच्या भूमिकेत श्याम होते. सियालकोटला जन्मलेला, उर्दू कथाकार मंटोंचा जिवलग मित्र असलेला हा देखणा नट पुढे १९५१ साली चित्रीकरणाच्या वेळी घोड्यावरून पडून अकाली गेला. संगीत एस. के. पाल यांचे होते. जोश यांनी लिहिलेले 'नगरी मेरी कब तक' हे या चित्रपटातील गीत जुन्या गाण्यांचे शौकीन आजही काढतात. आपली नगरी कुठवर अशीच उजाड राहणार, हा त्यातला सवाल वरवर पाहता विरहिणीच्या मनाचा आहे. पण तो विचारणारा कवी कोण होता हे विसरून चालणार नाही. ईस्ट इंडिया कंपनीच्या वारसांना उद्देशून लिहिलेली त्यांची कविता इंग्रज सरकारने जप्त केली होती. बंगालचा दुष्काळ १९४३ सालचा. आणि खुद्द पुण्यात काय चालले होते? ऑगस्ट १९४२ पासून गांधीजी आगाखान पॅलेसमध्ये स्थानबद्ध होते. त्याच वास्तूत १५ ऑगस्ट १९४२ रोजी महादेवभाई देसाई गेले आणि २२ फेब्रुवारी १९४४ रोजी कस्तुरबा. मे १९४४ मध्ये गांधीजींची सुटका झाली. हे सारे ज्या शहरात, ज्या महिन्यांत घडत होते, त्याच शहरात त्याच सुमारास जोश 'शालिमार'साठी गीते लिहीत होते. सेन्सॉरची कात्री टाळून प्रेमगीताच्या आडून जे बोलता येईल ते बोलावे, ही त्या काळच्या कवींची रीतच होती. त्यामुळे हे गीत ऐकताना मला ती नगरी एखाद्या स्त्रीच्या मनाएवढी लहान कधीच वाटली नाही.

'शालिमार'च्या जाहिरातबाजीचा उल्लेख टाळता येत नाही, कारण पुष्कळांना ही संस्था तेवढ्यापुरतीच आठवते. नीना या नायिकेची 'रहस्यमय तरुणी' अशी हवा अहमद यांनी नियतकालिकांतून अशी काही निर्माण केली की पुढे मंटोंनी तिच्यावर स्वतंत्र व्यक्तिचित्र लिहिले. या प्रसिद्धीचा अतिरेक झाला आणि त्यातून संस्थेच्या गंभीर कामाकडे दुर्लक्ष झाले, असे माझे मत आहे.

पुढे १९४५ साली 'गुलामी', १९४६ साली 'पृथ्वीराज संयोगिता' आणि १९४७ साली 'मीराबाई' हे चित्रपट 'शालिमार'कडून आले. 'पृथ्वीराज संयोगिता'चे दिग्दर्शन नजम नक्वी यांनी केले होते. 'मीराबाई' स्वतः अहमद यांनी केला आणि त्यात मीरेची भूमिका नीना यांची होती. 'संत तुकाराम' आणि 'संत ज्ञानेश्वर' ज्या शहरात तयार झाले, तेथेच एका मुसलमान दिग्दर्शकाने, बव्हंशी उर्दूतून लिहिणाऱ्या सहकाऱ्यांना बरोबर घेऊन, फाळणीच्या वर्षी कृष्णभक्त मीरेवर चित्रपट काढावा, ही घटना मला फार मोलाची वाटते. त्या वर्षी देशात काय चालले होते ते सर्वांना ठाऊक आहे.

'मीराबाई'नंतर अहमद यांचे पुण्यातले पर्व संपले. फाळणीनंतर ते लाहोरला गेले. जोश काही काळ भारतातच राहिले, १९४८ पासून दिल्लीत सरकारी उर्दू मासिक 'आजकल'चे संपादन करू लागले आणि १९५६ च्या सुमारास पाकिस्तानात गेले. कृश्नचंदर आणि अख्तर-उल-ईमान मुंबईला स्थायिक झाले. एका आवारात एकत्र जमलेला हा मेळा कायमचा विखुरला. नेमके याच सुमारास लाहोरात उलट्या दिशेने तेच घडत होते. दलसुख पंचोली, रूप शोरी यांच्यासारखे तेथले निर्माते सारे सोडून भारतात आले. शोरी यांचा जळालेला स्टुडिओ दिग्दर्शक शौकत हुसेन रिझवी आणि गायिका-अभिनेत्री नूरजहाँ यांच्याकडे गेला व 'शाहनूर' झाला. तर शोरी यांनी मुंबईत नव्याने डाव मांडून १९४९ साली 'एक थी लडकी' काढला. दोन शहरांनी आपापली माणसे एकमेकांना दिली, पण त्यांची नोंद मात्र ज्याने त्याने आपल्यापुरती अर्धीच ठेवली.

लाहोरला अहमद यांनी पुन्हा स्टुडिओ उभारला; पण तेथली परिस्थिती अतिशय बिकट होती. पाकिस्तानचा पहिला बोलपट 'तेरी याद' १९४८ साली आला तो तुटपुंज्या साधनांनिशी. स्टुडिओ मोडके, तंत्रज्ञ थोडे, भांडवल त्याहून थोडे, आणि चित्रपटगृहांत मुंबईहून येणाऱ्या चित्रपटांची चलती, अशा स्थितीत अहमद यांना दिग्दर्शक म्हणून पुन्हा पडद्यावर यायला १९५४ साल उजाडले. तो चित्रपट 'रूही'. श्रीमंत आणि गरीब यांच्यातली दरी हा त्याचा विषय होता आणि तेच सेन्सॉर मंडळाला खुपले. वर्गद्वेष पसरवणारा म्हणून त्यावर बंदी आली. पाकिस्तानात सेन्सॉरने बंदी घातलेला हा पहिला चित्रपट मानला जातो. पुढे काटछाट होऊन तो प्रदर्शित झाला खरा, पण त्याला झालेली इजा भरून निघाली नाही. इंग्रजी अमलाखाली जोश यांच्यासारख्या कवीला सांभाळून घेऊन चित्रपट काढणाऱ्या माणसाला स्वतंत्र देशात, ज्या देशासाठी त्याने पुण्यातला सारा पसारा मागे टाकला त्या देशात, पहिल्याच चित्रपटाला असा अनुभव यावा, याचे मला अतिशय वाईट वाटते.

त्याच १९५४ साली अहमद यांचे नाव आणखी एका कारणाने गाजले, आणि ते कारण आपल्याकडच्या वाचकाला रुचणारे नाही. पश्चिम पाकिस्तानात 'जाल' हा भारतीय चित्रपट लागला तेव्हा भारतीय चित्रपटांच्या आयातीविरुद्ध जे आंदोलन झाले, त्याचे नेतृत्व अहमद यांच्याकडे होते. नूरजहाँ, शौकत हुसेन रिझवी यांच्यासारखी माणसे त्यात उतरली आणि अटकाही झाल्या. त्यानंतर आयातीवर निर्बंध आले. १९६५ च्या युद्धानंतर तर भारतीय चित्रपटांना तेथे पूर्ण बंदी झाली. आता हा 'जाल' कोणाचा? गुरुदत्त यांचा. गोव्याच्या कोळीवस्तीत घडणारी ती कथा, आणि तिचा नायक देव आनंद. हे दोघेही 'प्रभात'चे. गुरुदत्त १९४४ साली 'प्रभात'मध्ये नृत्यदिग्दर्शनासाठी आणि साहाय्यक म्हणून रुजू झाले होते. देव आनंद यांचा पहिला चित्रपट 'हम एक हैं' १९४६ साली 'प्रभात'नेच काढला. म्हणजे ज्यांचा चित्रपट बंद पाडण्यासाठी अहमद लाहोरच्या रस्त्यावर उतरले, ते दोघे अवघ्या आठ-दहा वर्षांपूर्वी त्यांच्याच गावात, दुसऱ्या स्टुडिओत उमेदवारी करत होते.

या आंदोलनाचे समर्थन मी करणार नाही. नुकत्याच रांगू लागलेल्या उद्योगाला मुंबईच्या स्पर्धेपुढे टिकाव धरणे अशक्य होते, ही अहमद यांची भीती खरी होती आणि त्यामागे पोटापाण्याचा प्रश्न होता, हे मान्य केले पाहिजे. पण दारे बंद झाल्यावर जो निकोप चढाओढीचा संबंध तुटला, त्यात दोन्हीकडच्या प्रेक्षकांचे नुकसान झाले. आपल्याला 'रूही' किंवा अहमद यांचा पुढचा चित्रपट 'वादा' पाहायला मिळाले नाहीत, त्याचे एक कारण हेही आहे.

'वादा' १९५७ साली आला. सबिहा खानम आणि संतोषकुमार ही त्या काळची तेथली सर्वांत लोकप्रिय जोडी त्यात होती आणि संगीत रशीद अत्रे यांचे होते. पाकिस्तानातील 'निगार' पुरस्कारांचे ते पहिलेच वर्ष. उत्कृष्ट दिग्दर्शकाचा पहिला मान अहमद यांना मिळाला. सैफुद्दीन सैफ यांनी लिहिलेली आणि शराफत अली यांनी गायलेली 'जब तेरे शहर से गुज़रता हूँ' ही गझलवजा रचना याच चित्रपटातली. ती आजही ऐकायला सहज मिळते आणि वाचकांनी ती जरूर ऐकावी. चाल साधी आहे. वाद्यमेळ आवाजाच्या मागे मागे राहतो. आणि गायकाच्या स्वरात तक्रार नाही, नुसता थकवा आहे. प्रियेच्या गावावरून जाताना मनाची काय अवस्था होते ते नायक सांगतो. सैफ स्वतः अमृतसरचे, फाळणीत लाहोरला गेलेले. अहमद पुण्याहून गेलेले. चित्रपटातले ते शहर अर्थातच कथेतल्या नायिकेचे आहे, पण ते पडद्यावर आणणाऱ्या दोघांचीही शहरे सरहद्दीपलीकडे राहिली होती, एवढे ठाऊक असलेल्या श्रोत्याला ते गाणे निराळे ऐकू आल्यावाचून राहत नाही.

आणि येथेच त्यांची दिग्दर्शकीय कारकीर्द थांबली. अहमद २००७ साली लाहोरला वारले. 'वादा'नंतर सुमारे पन्नास वर्षे ते हयात होते आणि या काळात त्यांनी एकही कथापट दिग्दर्शित करून पडद्यावर आणला नाही. इतक्या गुणी माणसाने चाळिशी ओलांडताच थांबावे, याची कारणे एकट्या 'रूही'च्या बंदीत शोधून भागणार नाही. माझ्या मते खरे कारण त्यांच्या कामाच्या रीतीत आहे. त्यांना लेखकांचे गोकुळ लागत असे; जोश, कृश्नचंदर, अख्तर-उल-ईमान एका छताखाली असावेत, त्यांच्याशी वाद घालत, खाडाखोड करत पटकथा घडावी, आणि हे सारे पोसण्याइतकी संस्था भक्कम असावी. पुण्यात त्यांना हे पाच वर्षे साधले. लाहोरच्या तुटपुंज्या भांडवलात ते पुन्हा साधले नाही, आणि घाईगर्दीने चित्रपट उरकणे त्यांना जमण्यासारखे नव्हते. त्यांच्या हाताखालून गेलेल्यांनी मात्र काम पुढे नेले. 'गुलामी'त भूमिका केलेले मसूद परवेझ पाकिस्तानात मोठे दिग्दर्शक झाले. १९५६ चा 'इंतजार', १९५९ चा 'कोयल' आणि १९७० चा पंजाबी 'हीर रांझा' हे त्यांचे चित्रपट तेथे मानदंड मानले जातात. त्यांच्या मुळाशीही पुण्यातले 'शालिमार' आहेच.

जो माणूस पाकिस्तानात गेला आणि भारतीय चित्रपटांना तेथे बंदी व्हावी म्हणून झगडला, त्याचे स्मरण आपण का करावे, असे कोणी विचारील. माझे उत्तर असे की, इतिहासाची नोंद म्हणजे गौरव नव्हे, आणि अहमद यांच्या बाबतीत तर दोन्ही करता येण्यासारखे आहे. १९४२ ते १९४७ या पाच वर्षांत त्यांनी पुण्याला जे दिले ते त्यांच्या पुढच्या निर्णयांमुळे पुसले जात नाही. शिवाय 'शालिमार' म्हणजे एकटे अहमद नव्हेत. भरत व्यास, कृश्नचंदर, अख्तर-उल-ईमान हे सारे भारतातच राहिले, भारतातच मोठे झाले. त्यांच्या चरित्रांतला पुण्याचा अध्याय आपण कोणत्या कारणाने गाळणार?

या पत्राच्या निमित्ताने काही सूचना कराव्याशा वाटतात. पुणे महापालिका नामवंतांच्या वास्तूंवर नीलफलक लावते. 'शालिमार'च्या जागेची रीतसर निश्चिती करून तेथे असा फलक लावावा आणि त्यावर अहमद यांच्याबरोबरच तेथे काम केलेल्या लेखक-कवींची नावे मराठी आणि उर्दू या दोन्ही लिप्यांत असावीत. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने 'शालिमार'च्या चित्रपटांच्या प्रती, छायाचित्रे, जाहिराती आणि ध्वनिमुद्रिका यांपैकी जे काही संग्रही असेल त्याची एक स्वतंत्र सूची प्रसिद्ध करावी. 'मन की जीत' आणि 'मीराबाई' यांचा शोध देशात आणि शक्य झाल्यास लाहोरातही घ्यावा. जोश आणि अख्तर-उल-ईमान यांनी उर्दूत आत्मचरित्रे लिहिली आहेत; त्यांतली पुण्याविषयीची पाने कोणी जाणकार अनुवादकाने मराठीत आणली, तर ती छापण्यास आपल्या रविवार पुरवणीने जागा द्यावी, अशीही विनंती आहे.

शेवटची विनंती आपल्या वाचकांना आहे. 'शालिमार'मध्ये सुतारकाम, रंगकाम, शिवणकाम, प्रकाशयोजना अशी कामे करणारी शेकडो माणसे याच शहरातली आणि आसपासच्या गावांतली असणार. त्यांची मुले-नातवंडे आज साठी-सत्तरीत असतील. जुन्या ट्रंकांत, माळ्यावर कुठे गाण्यांच्या पुस्तिका, पगाराच्या चिठ्ठ्या, चित्रीकरणाची छायाचित्रे, ७८ च्या तबकड्या पडून असतील, तर त्या रद्दीत घालू नयेत. मूळ वस्तू स्वतःजवळ ठेवूनही त्यांची प्रत संग्रहालयाला देता येईल, आणि घरातल्या वडीलधाऱ्यांना जे आठवत असेल ते ध्वनिमुद्रित करून ठेवता येईल. आपल्या दैनिकाने असे साहित्य पाठवण्याचे जाहीर आवाहन केले, तर ते गोळा करून वर्गवारी लावण्याच्या कामात हातभार लावण्यास मी आणि माझे काही समवयस्क मित्र आनंदाने तयार आहोत.

कळावे, लोभ असावा.

आपला नम्र,
एक जुना वाचक,
पुणे